भाडेकरू सरकार असलं की...

खानापुरातल्या आमच्या माडीवर एक सरकारी खातं वर्षानुवर्षं ठाण मांडून बसलंय. भाडं मागायला गेलं की एकच उत्तर, ‘ग्रँट आली नाही, नाळी बर्री,’ म्हणजे कानडीत ‘उद्या या.’ घरपट्टी मात्र आम्ही वेळेत भरायची, चुकली की दंड!

बरं, कोर्टात जावं तर दिवाणी प्रक्रिया संहितेचं कलम 80 आडवं. आधी दोन महिन्यांची नोटीस द्या, मग दावा. थकबाकी तीन वर्षांच्या आत मागितली नाही तर मुदत गेली. ही घाई फक्त आम्हाला. तिकडे सरकारी वकील दर तारखेला ‘म्हणणं मांडायला वेळ द्या’ म्हणतात आणि वेळ मिळतोही. कसाबसा कोर्टाचा हुकूमनामा पदरात पडला, तर त्याच संहितेचं कलम 82. तीन महिने वसुलीचं नाव काढायचं नाही. वर अपिलात स्थगिती मागताना सरकारकडून तारणही घेत नाहीत. आमच्यासारख्याला म्हणाले असते, आधी पैसे भरा, मग बोला.

शेवटी कोर्टाचा बेलीफ जप्तीला आला. जप्त करणार काय, कपाळ? हात मोडलेल्या खुर्च्या, सुतळीनं दार बांधलेलं कपाट आणि एक कॉम्प्युटर, तोही बंद. साहेब मीटिंगला. हेडक्लार्कनं हात जोडले, ‘काका, पुढच्या तारखेला चेक नक्की.’ बेलीफ आला तसा परत गेला.

आणि मी जिना उतरतोय तर मागून शिपाई विचारतो, ‘मालक, जिन्यातला बल्ब गेलाय, कधी बदलताय?’