सकाळची गोळी म्हणजे नक्की केव्हाची?

माझ्या एका जुन्या सहकाऱ्याला मधुमेह निघाला. चिठ्ठीवर लिहून मिळालं : एक गोळी सकाळी नाश्त्याआधी, एक रात्री जेवणाआधी. हा माणूस अकरा वर्षं कायम रात्रपाळीत. सकाळी साडेसातला घरी येऊन जेवतो आणि आडवा होतो. दुपारी चारला उठतो, ती त्याची सकाळ. त्याने औषधाच्या दुकानात विचारलं, "माझी सकाळ कुठली धरायची?" दुकानदाराने पाकीट उलटसुलट करून पाहिलं आणि म्हणाला, "घ्या हो, काय फरक पडतो!"

फरक पडतो. मी डॉक्टर नाही, पण सहा वर्षं रात्रपाळी केली आहे आणि त्या काळात "दिवसा झोपतोस ना आठ तास, मग रडतोस कशाला" हे इतक्यांदा ऐकलंय की त्यावर आता सविस्तर बोलायचा हक्क मला आहे असं मी धरून चालतो.

पहिली गोष्ट, दिवसा आठ तास झोप होतच नाही. मी खिडकीच्या काचांना खाकी कागद चिकटवला होता, त्यावर जुनी चादर. तरी साडेदहाच्या सुमाराला कडेच्या फटीतून उन्हाची एक तिरीप आत यायची आणि भिंतीवरून सरकत सरकत उशीपाशी. ती फटही बुजवली. अगदी काळोख केला. तरी बाराला डोळे टक्क उघडे! अंग मोडून आलेलं, डोकं जड, पण झोप नाही म्हणजे नाही.

तेव्हा वाटायचं, दोष आपलाच. मनाला शिस्त नाही. पुढे वाचत गेलो तेव्हा कळलं की खिडकीचा प्रश्नच नव्हता. मेंदूत, डोळ्यांकडून येणाऱ्या नसा जिथे एकमेकींना छेदतात त्याच्या जरा वर, साधारण वीस हजार पेशींचा एक पुंजका आहे. शरीराचं मुख्य घड्याळ ते. पहाटे चारच्या आसपास शरीराचं तापमान सगळ्यांत खाली असतं, तिथून ते चढायला लागतं. उठायच्या सुमाराला कॉर्टिसॉल हे शरीराला जागं करणारं संप्रेरक वाढतं. म्हणजे मी सकाळी आठला पांघरूण ओढत होतो तेव्हा आत कुणीतरी दुकानाची शटर वर करत होतं.

हे घड्याळ बाहेरून चावी दिल्याशिवायही चालतं, हे माणसाला फार आधीपासून ठाऊक आहे. 1729 मध्ये द मेरां नावाच्या फ्रेंच शास्त्रज्ञाने लाजाळूच्या जातीचं रोप अंधारात ठेवलं, तर ऊन न दिसताही पानं दिवसा उघडत आणि रात्री मिटत राहिली. फळमाशीत या लयीमागचा जनुक 1971 मध्ये सापडला आणि तो काम कसा करतो हे उलगडणाऱ्या हॉल, रॉसबॅश आणि यंग या शास्त्रज्ञांना 2017 चं नोबेल मिळालं. माणसाचं घड्याळ चोवीस तासांपेक्षा किंचित मोठं असतं, सरासरी दहाएक मिनिटांनी. रोजचा उजेड ते ओढून जागेवर आणतो. सकाळचा उजेड घड्याळ पुढे नेतो, म्हणजे झोप लवकर येते; रात्री उशिराचा मागे खेचतो, म्हणजे झोप लांबते. आता रात्रपाळीवाल्याचं बघा : रात्रभर डोक्यावर ट्यूबलाइट, आणि सुटून घरी जाताना तोंडावर कोवळं ऊन. बिचारं घड्याळ ऐकणार कुणाचं? म्हणून "महिनाभरात सवय होते" हे जे सांगतात ना, ते बहुतेकांच्या बाबतीत खोटं आहे. सवय होते ती थकव्याची.

शिवाय घड्याळ एकटं डोक्यात नसतं. यकृत, स्वादुपिंड, आतडी, प्रत्येकाचं आपापलं घड्याळ, आणि ती बऱ्याच अंशी जेवणाच्या वेळेवर चालतात. रात्री तेच ताट जेवलं तरी रक्तातली साखर सकाळपेक्षा जास्त चढते आणि उतरायला वेळ लावते. मी रात्री अडीचला डबा उघडायचो. चार वाजता छातीत जळजळ ठरलेली. रात्रपाळीवाल्यांत मधुमेह, स्थूलपणा आणि हृदयविकार जास्त दिसतात यात मला आता काही नवल वाटत नाही.

कर्करोगाचं मात्र जपून बोललं पाहिजे. जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संशोधन संस्थेने 2007 मध्ये आणि पुन्हा 2019 मध्ये रात्रपाळीला 'बहुधा कर्करोगकारक' गटात टाकलं. हा गट पुरावा किती भक्कम आहे ते सांगतो, धोका किती मोठा ते नाही. लाल मांसही त्याच गटात आहे. तेव्हा एवढ्यावरून कुणी घाबरून राजीनामा देऊ नये. (देता येत असेल तर वेगळी गोष्ट!)

ज्यांची रात्रपाळी नाही त्यांनीही फार निर्धास्त राहू नये. पाच दिवस सहाला उठायचं आणि सुट्टीच्या दोन दिवशी दहाला, म्हणजे शरीराला दर आठवड्याला परदेशवारी घडवण्यासारखंच आहे. आणि "लवकर निजे लवकर उठे" पोरांना ऐकवणाऱ्यांनी एक लक्षात घ्यावं, वयात येताना घड्याळ खरोखरच उशिरा सरकतं. सोळा वर्षांच्या मुलाला दहाला झोप येत नाही तो सगळा आळस नसतो. मोबाइल त्यात भर घालतो, हे मान्य.

मी सगळ्यांत जास्त हललो ती गोष्ट वेगळीच आहे. बाबांचं ऑपरेशन झालं तेव्हा ते चार दिवस अतिदक्षता विभागात होते. खिडकी नाही, दिवे चोवीस तास, दर तासाला कसली ना कसली टिकटिक. तिसऱ्या रात्री दोन वाजता ते मला म्हणाले, "अरे, पाणी तापलं का? उशीर होतोय." कुठे निघालेत विचारलं तर ऑफिसला. निवृत्त होऊन चौदा वर्षं झाली होती. अशा भ्रमाला कारणं अनेक असतात, औषधंही त्यात आली, पण दिवसरात्र पुसून जाणं हे त्यातलं एक. साध्या वॉर्डात खिडकीजवळची खाट मिळाली, दुसऱ्या दिवशी त्यांनी स्वतःहून विचारलं, "उजाडलं का?" त्या प्रश्नाने आईच्या डोळ्यांत पाणी आलं. रात्री दिवे मंद करायला खर्च तो काय येतो, हे मला अजून कळलेलं नाही.

तर माझं म्हणणं एवढंच आहे की दवाखान्यात सिगारेट ओढता का, दारू पिता का विचारतात, तसं कामाची पाळी कुठली हेही विचारावं. आणि कंपन्यांनी पाळ्या लावताना निदान दर आठवड्याला त्या उलटसुलट फिरवू नयेत.

तो सहकारी शेवटी दुसऱ्या डॉक्टरबाईंकडे गेला. चिठ्ठी पाहून त्यांनी विचारलं, "जेवता केव्हा, झोपता केव्हा?" मग 'सकाळी' आणि 'रात्री' खोडून त्यांनी त्यावर लिहिलं : दुपारी साडेचार वाजता, मध्यरात्री एक वाजता.