केंदाळ काढायच्या आधी नाला अडवा

कोल्हापूरच्या रंकाळा तलावात केंदाळ, म्हणजे जलपर्णी, माजलं की यंत्रं उतरतात, ट्रॉल्या भरतात, आणि चार महिन्यांत पाणी पुन्हा झाकलं जातं. केंदाळ पोसतं ते सांडपाण्यातल्या नत्र-स्फुरदावर. श्याम सोसायटीकडचा नाला तळ्यात मिसळत असेल तोवर कितीही ट्रॉल्या उपसा, उपयोग नाही. आधी नाला वळवायचा, मग केंदाळाला हात घालायचा. हा क्रम चुकला की सगळा खर्च पाण्यात.

काढायचं तेही फुलावर यायच्या आत, कारण बी तळच्या गाळात पंधरा-वीस वर्षं जिवंत राहतं. चिरून नको, मुळासकट. तुटलेला कांडा वाऱ्यानं दुसऱ्या काठाला लागला की तिथं नवं बेट तयार. आणि काढलेलं काठावर टाकू नका हो! त्यात नव्वद टक्क्यांहून जास्त पाणी असतं, दोन दिवसांत कुजतं आणि रस परत तळ्यातच उतरतो. त्याच दिवशी उचलून खताच्या खड्ड्यावर न्या. तणनाशक तर अजिबात नको. मेलेलं केंदाळ बुडाला बसतं आणि कुजताना पाण्यातला ऑक्सिजन संपवतं.

ऑक्सिजन मोजायची वेळही महत्त्वाची. दुपारी हिरव्या पाण्यात आकडा छानच येतो, उन्हात शेवाळ ऑक्सिजन सोडत असतं. रात्री तेच शेवाळ तो ओढून घेतं. म्हणून नमुना पहाटे घ्यावा. लिटरला २-३ मिलिग्रॅमच्या खाली गेला की मासे वर येऊन तोंडं उघडझाप करतात. दुपारच्या अहवालावर समाधान मानणं मला धोक्याचं वाटतं.

मोठी सफाई नोव्हेंबर ते मे या काळात उरकावी. पावसाळ्यात कमळपक्षी तरंगत्या पानांवर अंडी घालतो, जांभळी पाणकोंबडी लव्हाळ्यात घरटं करते. पाणकणीस आणि लव्हाळा म्हणजे केंदाळ नव्हे, ते राहू द्यात.

आता काठ. पक्ष्यांच्या दृष्टीनं तळ्याचा सगळ्यात मोलाचा भाग हाच, आणि सुशोभीकरणात पहिला बळी त्याचाच जातो. शेकाट्याला घोटाभर पाणी लागतं, तुतारीला चार बोटं. उभ्या दगडी भिंतीला लागून एकदम खोल पाणी असेल तर दोघांनाही पाय टेकायला जागा नाही. रंकाळ्याचे जुने दगडी घाट आहेत तसे जपावेत. पण रंकाळ्याची परताळ्याकडची बाजू आणि कळंबा तलावाचा वरचा, ओढे येतात तो भाग चिखलाचाच ठेवा. एक फूट खोलीला सात-आठ फूट उतार, तिथं ट्रॅक नको, फोकसचे दिवे नकोत.

पाणथळ संवर्धनाचे २०१७ चे नियम भराव, कचरा, प्रक्रिया न केलेलं सांडपाणी आणि सरासरी पूरपातळीपासून ५० मीटरच्या आतलं पक्कं बांधकाम रोखतात. पण पिण्याच्या पाण्यासाठी मुद्दाम बांधलेले तलाव त्यांच्या व्याख्येतून वगळले आहेत, आणि कळंबा तर शहराला पाणी पुरवायलाच बांधलेला. त्यामुळे तिथल्या चिखलाच्या काठासाठी स्थानिक पातळीवर वेगळा ठराव हवा, आणि तो पुढच्या सुशोभीकरणाची निविदा निघायच्या आत व्हायला हवा.