डेनेथॉर आळशी नव्हता हो

तुमच्या ‘लॉर्ड ऑफ द रिंग्ज’वरच्या लेखात म्हटलंय की गोंडोर राज्याचा कारभारी (राजाच्या जागी राज्य चालवणारा) डेनेथॉर शेवटपर्यंत हातावर हात ठेवून बसला आणि त्याने मदतसुद्धा मागितली नाही. हे फक्त सिनेमातलं आहे!! टॉल्किनच्या पुस्तकात जादूगार गँडाल्फ आणि त्याचा सोबती पिपिन गोंडोरच्या राजधानीच्या वाटेवर असतात तेव्हाच डोंगरांवरच्या इशाऱ्याच्या आगी पेटलेल्या असतात, आणि त्या डेनेथॉरच्याच हुकमाने. रोहान या मित्रराज्याकडे मदतीची हाक म्हणून लाल बाण पाठवला तोही त्यानेच, शहराबाहेरच्या पेलेन्नोर शेतांभोवतीच्या तटाची डागडुजी चालू होती, बायकामुलांना दक्षिणेकडे हलवलं होतं. कथेतल्या सनाप्रमाणे २९८४ पासून ३०१९ पर्यंत, म्हणजे ३५ वर्षं, शत्रू सॉरॉनच्या मॉर्डोर देशाच्या तोंडाशी राहून राज्य टिकवलं या माणसाने, बायको लवकर गेली तरी कामातून अंग काढलं नाही, आणि लेखात एवढ्या मोठ्या कारकिर्दीला एक ओळ??

धाकट्या मुलाशी, फारामिरशी, तो वाईटच वागला, त्याची बाजू मी अजिबात घेणार नाही. पण तो खचला कसा ते तरी नीट सांगा ना. दूरचं दाखवणाऱ्या त्या पॅलेंटिर दगडातून सॉरॉन त्याला वाकवू शकला नाही, खोटंही दाखवलं नाही, फक्त नदीतून येणारी शत्रूची काळी जहाजं दिसली आणि त्यावर गोंडोरच्याच मदतीला येणारा अॅरागॉर्न आहे हे कळायला काही मार्गच नव्हता. माझ्या भाचीने आधी सिनेमा पाहिला, नंतर पुस्तक वाचलं, आणि मला विचारते की मावशी हा तोच माणूस आहे का? पुढच्या भागात निदान त्या आगींचं तरी दुरुस्त करा प्लीज.