बर्टिनीचा दावा आणि कमलाबाईंचं हरवलेलं रीळ

"तिकडे बघा, शंभर वर्षांपूर्वीचे मूकपट कसे जपलेत! आपल्याकडे कुणाला कदर आहे?" जुन्या सिनेमाचा विषय निघाला की नातेवाइकांच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर हे वाक्य पडतंच. मी इटलीतल्या बोलोन्या शहरात राहतो म्हणून साक्षीला मला ओढलं जातं.

साक्ष देतो, पण इटलीच्या मूकपटांतली नायिका फ्रान्चेस्का बर्टिनीची. १९१५ चा 'आस्सुन्ता स्पीना' तिचा सगळ्यात गाजलेला मूकपट. नेपल्समधली कपडे धुऊन इस्त्री करणारी बाई. संशयी प्रियकर तिच्या गालावर वार करतो आणि कोर्टात ती त्यालाच वाचवायला खोटं बोलते. तेव्हाच्या इतर नायिका दिवाणखान्यात पडद्यांना बिलगून झुरायच्या. ही शाल आवळून नेपल्सच्या खऱ्या रस्त्यांवरून चालते. दिग्दर्शक म्हणून नाव मात्र गुस्ताव्हो सेरेनाचं. प्रियकराची भूमिकाही त्याचीच. बर्टिनी म्हातारपणीही सांगत होती, दिग्दर्शन माझं होतं. पुढे खुद्द सेरेनानंच सांगितलं की गर्दीतल्या लोकांना हलवणं, कॅमेरा कुठे लावायचा ते ठरवणं, सगळं तीच करायची, तेही अस्सल नेपोलिटन बोलीत हुकूम सोडत. आता बहुतेक ठिकाणी दोघांची नावं लागतात. म्हणजे इटलीनं रीळ जपलं, पण बाईचं नाव लिहायला फार वेळ घेतला. आणि रिळंही सगळी कुठे जपली? बर्टिनीचे कितीतरी मूकपट गेलेच.

आपल्याकडे १९१३ मध्ये फाळक्यांच्या 'मोहिनी भस्मासुर'मध्ये दुर्गाबाई कामत पार्वती झाल्या आणि त्यांची मुलगी कमलाबाई मोहिनी. पडद्यावर बाईचं काम बाईनं करणं हीच तेव्हा केवढी गोष्ट! नव्वदीतल्या बर्टिनीवर १९८२ मध्ये माहितीपट झाला, तसा नव्वदी गाठलेल्या कमलाबाईंवर रीना मोहन यांनी १९९२ मध्ये केला. म्हणजे विचारणारं कुणी नव्हतं, असं नाही. पण बर्टिनीचा शब्द तपासायला सिनेमा शिल्लक आहे. 'मोहिनी भस्मासुर' आज बघायलाच मिळत नाही. त्या पोरीनं नेमकं काय केलं, यावर भांडायलाही जागा उरली नाही. माझ्या लेखी जतनाचा खरा मुद्दा हा आहे, कौतुकाचा नव्हे.

'आपले लोकच असे' हे मला पटत नाही. जुन्या सिनेमाची नायट्रेटची रिळं त्यांतल्या चांदीसाठी दोन्हीकडे वितळवली गेली. फरक पुढचा आहे. इथलं, बोलोन्याचं, फिल्म संग्रहालय शहराच्या पालिकेनं उभं केलं, आणि उन्हाळ्यात पियाझ्झा माज्जोरे या मुख्य चौकात लोक फुकट जुने सिनेमे बघतात. नर्तक उदय शंकरांचा 'कल्पना' हा सिनेमाही याच संस्थेच्या प्रयोगशाळेत दुरुस्त झाला. पुण्याचं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ चं, पण ते केंद्र सरकारचं. नाशिक महापालिकेनं पांडवलेण्यांच्या पायथ्याशी फाळके स्मारक बांधलं, तिथे बाग आहे, कारंजं आहे. तेवढ्याच पैशात रिळं जपायला एक थंड खोली आणि दोन तंत्रज्ञ मागा की पालिकेकडे! ग्रुपवर हे लिहिलं, तर काकांनी बोलोन्याच्या हवामानाची चौकशी केली.