डिस्को म्हणे आपोआप मेला!

‘नाइटक्लबचं खरं सत्य’ नावाचा एक लांबलचक मेसेज सध्या फिरतोय. असले मेसेज मी न वाचताच उडवते. पण हा माझ्या भाचीने कॉलेजच्या प्रेझेंटेशनसाठी जसाच्या तसा उचलला, तेव्हा वाचणं भाग पडलं. दावे चार. डिस्को हा श्रीमंतांचा चाळा होता. लोक कंटाळले आणि १९७९मध्ये तो आपोआप मेला. मग युरोपातल्या गोऱ्या डीजेंनी हाउस आणि टेक्नो हे इलेक्ट्रॉनिक नृत्यसंगीत ‘शोधलं’. आणि क्लब म्हणजे नुसती दारू-ड्रग्ज.

आधी दुसरा घेते, कारण इतकी धडधडीत थाप बाकीच्या तिघांत नाही. आपोआप? १२ जुलै १९७९ला शिकागोच्या कॉमिस्की पार्कमध्ये, बेसबॉलच्या दोन सामन्यांच्या मधल्या वेळेत, स्टीव्ह डाल नावाच्या रेडिओवाल्याने डिस्कोच्या रेकॉर्ड्सचा खोका स्फोटकं लावून उडवला. एक रेकॉर्ड आणा नि ९८ सेंटमध्ये आत या, अशी योजना होती. सुमारे ५० हजार लोक आले. स्फोटानंतर हजारो जण मैदानात घुसले, एवढी नासधूस झाली की दुसरा सामना झालाच नाही; यजमान व्हाइट सॉक्स न खेळताच हरले.

त्या रात्री प्रेक्षकांना जागा दाखवायच्या कामावर व्हिन्स लॉरेन्स हा कृष्णवर्णीय पोरगा होता. सिंथेसायझरसाठी पैसे साठवत होता बिचारा. त्याने पुढे मुलाखतींत सांगितलंय की लोकांनी आणलेल्या ढिगात कर्टिस मेफील्ड, ओटिस क्ले, टायरोन डेव्हिस यांच्याही रेकॉर्ड्स होत्या. ही सगळी सोल (डिस्कोहून वेगळं, अमेरिकी कृष्णवर्णीयांचं संगीत) गाणारी मंडळी, आणि सगळी कृष्णवर्णीय. आपल्या मनात वंशद्वेष नव्हता, असं डाल सांगत आला आहे. नसेलही. पण गर्दीने काय उचलून आणलं ते तर त्या पोराने डोळ्यांनी पाहिलं ना? कंटाळा आला की माणूस रेडिओचं स्टेशन बदलतो, सुरुंग लावत नाही.

याच लॉरेन्सने जेसी सॉन्डर्सबरोबर १९८४मध्ये ‘ऑन अँड ऑन’ काढलं, ते हाउसच्या अगदी पहिल्या रेकॉर्ड्समध्ये धरतात. म्हणजे तिसरा दावाही तिथेच आडवा. त्याच शिकागोत १९७७पासून फ्रँकी नकल्स हा डीजे ‘वेअरहाउस’ क्लबमध्ये रेकॉर्ड्स वाजवत होता, आणि तिथे नाचणारे मुख्यतः कृष्णवर्णीय आणि लॅटिनो समलिंगी तरुण होते. टेक्नो अमेरिकेतल्याच डेट्रॉइट शहराचं: हुआन ॲटकिन्स, डेरिक मे, केव्हिन सॉन्डरसन, तिघंही शाळेपासूनचे दोस्त, तिघंही कृष्णवर्णीय. बरं, क्राफ्टवर्क हा जर्मन इलेक्ट्रॉनिक बँड आणि जॉर्जिओ मोरोडर हा इटालियन संगीतकार नसते तर हे संगीत वेगळं झालं असतं, एवढं मान्य. डेट्रॉइटवाले स्वतःच क्राफ्टवर्कचं ऋण मानतात. ऋण मानणाऱ्याचं घर सावकाराच्या नावावर कशाला करायचं?

उरलेले दोन: श्रीमंतांचा चाळा आणि दारू-ड्रग्ज. न्यूयॉर्कच्या ‘स्टुडिओ ५४’ या बड्यांच्या डिस्को क्लबच्या दारात माणसं निवडून आत घ्यायचे, खरं आहे. पण तो क्लब १९७७चा. त्याआधी, १९७०पासून, न्यूयॉर्कमध्ये डेव्हिड मॅन्क्युसो आपल्या राहत्या जागेत ‘लॉफ्ट’च्या पार्ट्या देत होता. तिथे आमंत्रण लागायचं, पण गोरे-काळे, समलिंगी, खिशात फारसं काही नसलेले, सगळे एकाच फ्लोअरवर असायचे. ड्रग्ज होती का? होती, ते कोण नाकारतंय? दारू मात्र तिथे विकायचेच नाहीत.