नशीब फिरवणारा पूल: वापरायची पद्धत

तर भो, आमच्याकडे तापीवर जादूचा पूल होतोय. चेष्टा नाही, भूमिपूजनाला साहेबांनी स्वतः माईकवर सांगितलं होतं की हा पूल या भागाचं नशीब बदलेल आणि काळाची चाकं फिरवेल. आम्ही येडे, आम्हाला वाटलं भाषण चाललंय. आता कळतंय की माणूस अक्षर न् अक्षर खरं बोलत होता. पलीकडे जायला हा पूल नाहीच मुळी. तो नशिबावर आणि काळावर असर करायला बांधलाय, आणि तो असर जोरात चालू आहे. तुमच्याही तालुक्यात असा एखादा असेलच, म्हणून म्हटलं वापरायची पद्धत लिहून टाकू.

पुलावर चढायला जाऊ नका. तो जमिनीला टेकलेला नाही.

जागेचं महात्म्य आधी समजून घ्या. तापी म्हणजे सूर्याची लेक आणि शनीची बहीण, मुलताईला निघते आणि 724 किलोमीटर वाहत जाऊन समुद्राला मिळते. शनिदेव एका राशीत अडीच वर्षं बसतात, तीन राशींची मिळून साडेसाती, मग माणूस सुटतो. म्हणजे शनीलासुद्धा मुदत आहे बरं का! या खांबांना नाही. भावाला जे जमलं नाही ते बहिणीच्या पाण्यात उभं राहून ठेकेदाराने करून दाखवलं.

काळ थांबवून बघायचा असेल तर कामाच्या फलकाजवळ जा. निळी पाटी आहे, काम पूर्ण करण्याचा कालावधी 18 महिने. तारखेच्या जागी पांढरा पट्टा मारून नवी तारीख लिहिली, मग तिच्यावर स्टिकर लावलं, आता उन्हाने त्या स्टिकरचा कोपरा सुटलाय आणि खालचं जुनं साल अर्धं बाहेर डोकावतंय, त्यामुळे तुम्ही एकाच वेळी तीन वेगवेगळ्या वर्षांत उभे असता. चांगदेवांचं देऊळ इथून वरच्या अंगाला तापी-पूर्णेच्या संगमावर आहे, ते म्हणे योगबळाने काळाला परत पाठवत चौदाशे वर्षं जगले. एवढं जगून ज्ञानेश्वरांना पत्र लिहायला बसले तर मायना सुचेना, शेवटी कोरा कागद पाठवला. मलाही माहितीच्या अधिकारात पुलाबद्दल विचारल्यावर तसंच उत्तर आलंय, फक्त कोऱ्या कागदावर "सदर अर्ज कलम 6(3) अन्वये संबंधित विभागाकडे वर्ग करण्यात येत आहे" एवढं छापलेलं होतं.

खांबाच्या वर आलेल्या गंजक्या सळ्यांना वॉचमनने लिंबू-मिरची बांधलीय, तिला हात लावू नका. सगळं बांधकाम तेवढ्यावरच उभं आहे.

आता मुहूर्त. घरात लग्न असेल आणि मुलगी पलीकडच्या गावची असेल तर हा पूल तुमच्यासाठीच आहे. परवा आमच्या पुतण्याचं लग्न होतं, आषाढी एकादशीच्या आधीची शेवटची तिथी, ती चुकली की मग थेट तुळशीच्या लग्नानंतर. दुपारी 12 वाजून 21 मिनिटांचा मुहूर्त, वऱ्हाड ट्रॅव्हल्समध्ये, नवरदेव क्रूझरमध्ये, सगळे फेटे बांधून टाइट. नदीवर आलो तर वरून हतनूर धरणाचे दरवाजे उघडलेले आणि पुलाच्या बाजूला नळे टाकून जो कच्चा भराव केला होता तो नळ्यांसकट गायब. आदल्या रात्री गेला म्हणे. मग तिथे एखादा बॅरिकेड, एखादा माणूस, पाटी, काही? काही नाही, एक बाभळीची फांदी आडवी टाकलेली. शेजारी खाटेवर वॉचमन, त्याला विचारलं तर म्हणे, "पूल व्हई जाई ना भो, घाई कसानी शे?" घाई कसली! गुरुजी पलीकडे घड्याळ बघतायत, पोरगी बाशिंग बांधून बसलीय, वरण-बट्टीच्या पंगतीचा स्वयंपाक झालाय, आणि आम्ही दुसऱ्या पुलाने उलटा फेरा मारायला गाड्या वळवतोय आणि त्या चिखलात ट्रॅव्हल्स फसली ती ट्रॅक्टर आणून काढावी लागली, नवरदेवाच्या पांढऱ्या मोजड्यांचं काय झालं ते विचारूच नका. शेवटी गुरुजींनी गोरज धरला. बट्ट्या तोवर अशा झाल्या होत्या की भरावात टाकल्या असत्या तर भराव टिकला असता.

भास्कराचार्यांच्या लेकीची, लीलावतीची गोष्ट माहीतच असेल, वेळ मोजायच्या घटिकापात्रात मोती पडला, भोक बुजलं आणि तिच्या लग्नाचा मुहूर्त निघून गेला. दंतकथाच ती, पण चाळीसगावजवळ पाटणच्या देवळात त्यांच्या नातवाने मठ स्थापल्याचा 1207 चा शिलालेख आजही आहे (नातवाचं नाव पण चांगदेव, हे वेगळे). त्या एका मोत्याची हळहळ लोक अजून करतात. आमच्या पुलात किती घमेली वाळू कमी पडली याची हळहळ कोण करणार?

नवीन ड्रोन घेतला असेल तर संध्याकाळी या, लाइट मस्त मिळते.

केळी असेल तर कापायच्या आधी कुंडली बघून घ्या. कापलेला घड कुणाची वाट बघत नाही, आणि व्यापारी गाडी पाठवायच्या आधीच सांगतो, आप्पा, फेरा पडतो, डिझेल जास्त लागतं, भाव कमी लागेल. तो फेरा कोणामुळे पडतो? त्याचे पैसे आप्पाने का द्यायचे? वर्षानुवर्षं देतोय. हेच ते नशीब बदलणं!

जाऊ द्या, आता मला हसत हसत लिहिता येईना. लग्नाचं काय, गोरजावर लागलं, होईल संसार. पण रात्री पलीकडच्या वस्तीवर एखाद्या बाईला कळा सुरू झाल्या, कुणाला साप चावला, तर तो फेरा मारून ॲम्ब्युलन्स येईपर्यंत काय करायचं, गोरज धरायचा? आणि आपण काय करतोय? पूल बघून हसतो, रील टाकतो, निवडणुकीला त्याच पुलाचं तिसऱ्यांदा आश्वासन ऐकून घरी येऊन शेवभाजी खातो. माहितीचा अधिकार 2005 पासून आहे, अर्जाला दहा रुपयांचं कोर्ट फी स्टॅम्प लावलं तरी चालतं, तीस दिवसांत उत्तर द्यावं लागतं, नाही दिलं तर अपील करता येतं. मुदतवाढ कुणी दिली, किती वेळा दिली, दंड लावला का, बिल किती निघालं, एवढं चारच ओळीत विचारायचंय. पानटपरीवर तासभर बोलणाऱ्यांना चार ओळी लिहायला हात जड होतात? एवढी मोठी मतदार यादी आपल्या गावाची आणि अर्ज माझ्या एकट्याचा. लाज वाटू द्या रे थोडी.