"नदीत दुकानं थाटली की हेच होणार"

राजापूरच्या जवाहर चौकात पुराचं पाणी भरल्याचा फोटो सकाळी टाकला, तर खाली एका शहाण्याने हेच लिहिलं. वर हसरी बाहुली. त्यावर दोन वेळा उत्तर लिहून खोडलं, म्हणून आता इथेच लिहितो.

अरे बाबा, दुकानं नदीत थाटली नाहीत. नदी होती म्हणून दुकानं आली!

आमच्या राजापूरच्या दुकानाच्या मागच्या ओट्याला, दगडात एक लोखंडी कडी आहे. आजोबा सांगायचे, हिला मचवे बांधायचे. खरंखोटं त्यांनाच ठाऊक. आम्ही पोरं तिला शेजारची शेळी बांधायचो. पण अर्जुना आणि कोदवलीच्या संगमाजवळ, समुद्रापासून वीसेक किलोमीटर आत हे गाव वसलं, ते भरतीबरोबर गलबतं वर यायची म्हणून. वरून अणुस्कुरा घाटाने बैलांचे तांडे उतरायचे. घाटावरचा माल इथे खाली व्हायचा, मीठ-नारळ-सुकी मासळी पाठीवर घेऊन बैल परत चढायचे. घाट आणि समुद्र जिथे हात मिळवतात तिथे पेठ बसणार नाही तर काय डोंगरावर बसणार?

1649 मध्ये इंग्रजांनी इथे वखार घातली ती काय हवा खायला? आणि पन्हाळ्याच्या वेढ्यात सिद्दी जौहरला तोफगोळे पुरवायला गेले तेही इथलेच. 1661 मध्ये महाराजांनी येऊन तो हिशेब चुकता केला. हेन्री रेव्हिंग्टन आणि त्याचे सोबती कैदेत, वखार खणून काढलेली. शाळेत हा धडा सगळ्यांनी वाचलाय, पण राजापूर म्हटलं की लोकांना आठवते ती गंगा आणि पंचा. जैतापूर म्हटलं की अणुभट्टी. ते जैतापूर आमच्या खाडीचं तोंड होतं, हे कुणाच्या गावी नाही.

मग गाळ आला. डोंगर बोडके झाले, माती खाली आली, पात्र उथळ झालं. इंग्रजांच्याच जुन्या गॅझेटियरात लिहिलंय की रत्नागिरी जिल्ह्यात अरबी गलबतं थेट येतात असं हे एकच बंदर उरलंय, पण मोठं जहाज जुन्या दगडी धक्क्यापासून तीन मैल अलीकडेच थांबतं. पुढे मालाने रस्ता धरला. रेल्वे आली तीही 'राजापूर रोड'ला. नावात रोड असलं की गाव किती लांब असतं ते कोकणातल्या माणसाला सांगायला नको.

म्हणजे नदीने धंदा नेला, पूर तेवढा ठेवला.

हो, पात्राकडेला बांधकामं झाली, नाकारत नाही. कचराही आम्हीच टाकतो. मध्यंतरी गाळ उपसला, ते चांगलंच झालं. पण पिढ्यान् पिढ्या बसलेल्या पेठेला पुण्यातल्या चौथ्या मजल्यावरून 'उठा तिथून' म्हणायला काय जातं?

मी चौथीत असताना असंच पाणी चढलं होतं. रात्री आजोबांनी उठवलं, "चढव रे पोती." तांदूळ, गूळ, मिरच्या माळ्यावर गेल्या. रॉकेलचं पिंप काही हलेना. आजोबा कमरेएवढ्या पाण्यातून मागे गेले आणि सुंभाने ते कडीला बांधलं. सकाळी पाणी ओसरलं तेव्हा पिंप आडवं, पण जागेवर होतं. आजोबा ओट्यावर बसून चिखलातली वजनं एकेक धूत होते. रडले-बिडले नाहीत. त्या दिवशी दुपारी दुकान उघडलं होतं, गिऱ्हाईकही आलं होतं. मीठ मागायला.

आता राग जरा उतरलाय. त्या गृहस्थांना ब्लॉक करत नाही, राहू देत.

मघाशी चुलतभावाला फोन केला. विचारलं, कडी दिसते का रे? म्हणाला, "दादा, तिच्यावर हातभर पाणी आहे. फ्रीज बांधलाय तिला."